दोचुला खिंडीतले १०८ स्तूप आणि भूतानचा बदलता शेजारधर्म

घाटमाथा (धागाकर्ता)

थिंफूहून पुनाखाकडे जाताना साधारण तीन हजार शंभर मीटर उंचीवर दोचुला ही खिंड लागते. आपल्याकडून गेलेली प्रत्येक सहल तिथे थांबते, चहा घेते, आभाळ मोकळे असेल तर पलीकडची हिमशिखरे पाहते आणि टेकाडावर दाटीवाटीने उभ्या असलेल्या १०८ लहान स्तूपांसमोर फोटो काढून पुढच्या वळणाला लागते. आम्हीही तेच केले. स्तूप कशासाठी बांधले, या माझ्या प्रश्नाला आमच्या सहलीच्या व्यवस्थापकाने ‘शांतीसाठी’ असे उत्तर दिले आणि सगळ्यांना गाडीत बसायला सांगितले. परत आल्यावर वाचताना लक्षात आले की ते युद्धस्मारक आहे, आणि ते युद्ध भूतानने बऱ्याच अंशी आपल्यासाठी लढले होते.

आसामची उल्फा, बोडोंची एनडीएफबी आणि उत्तर बंगालमधील केएलओ या तीन सशस्त्र संघटनांनी १९९० च्या दशकात दक्षिण भूतानच्या जंगलांत सुमारे तीस तळ थाटले होते. आसामात घातपात करायचा आणि सीमा ओलांडून झाडीत नाहीसे व्हायचे, हा त्यांचा क्रम होता. दिल्लीचा दबाव वर्षानुवर्षे वाढत होता आणि थिंफू वाटाघाटींनी प्रश्न सुटतो का हे पाहत होते. अखेर १५ डिसेंबर २००३ रोजी काही हजारांच्या त्या लहानशा सैन्याने कारवाई सुरू केली. तत्कालीन राजे जिग्मे सिंग्ये वांगचुक स्वतः सैन्यासोबत दक्षिणेत उतरले होते. काही दिवसांत तळ उद्ध्वस्त झाले, आणि त्यात जे भूतानी सैनिक कामी आले त्यांच्या स्मरणार्थ राजमातेने हे स्तूप उभारले.

ही हकीगत आधी सांगण्याचे कारण असे की, आपल्याकडे भूतानविषयीची चर्चा बहुतेक वेळा ‘आपण त्यांना किती देतो’ इथून सुरू होते आणि तिथेच संपते. जेमतेम पावणेआठ लाख वस्तीचा देश आणि त्याच्या तीन बाजूंनी पसरलेला आपल्यासारखा अजस्र शेजारी यांच्यातला व्यवहार इतका एकतर्फी कधीच नव्हता. तो कसा बदलत गेला, यावर येथे सविस्तर बोलावे असे वाटते.

कागदावरचा इतिहास थोडक्यात सांगतो. १८६५ च्या सिंचुला तहाने इंग्रजांनी भूतानकडून दुआरांचा, म्हणजे डोंगरपायथ्याचा, सुपीक पट्टा घेतला आणि त्याबदल्यात वार्षिक पन्नास हजार रुपये ठरवून दिले. १९१० मध्ये पुनाखा येथे ही रक्कम एक लाख झाली, आणि तिच्याबरोबर परराष्ट्रव्यवहारात इंग्रजांच्या सल्ल्याने चालण्याचे कलमही आले. स्वतंत्र भारताने ८ ऑगस्ट १९४९ रोजी दार्जिलिंगला जो तह केला, त्यात रक्कम पाच लाखांवर नेली आणि देवनगिरीचा बत्तीस चौरस मैलांचा प्रदेश परत केला. अंतर्गत कारभारात ढवळाढवळ न करण्याचे वचनही दिले. सल्ल्याचे कलम मात्र तसेच राहिले. साहेब गेला, पण त्याच्या दप्तरातले ते एक वाक्य आपण जपून ठेवले, असे म्हणायला हरकत नाही.

त्या काळी भूतानचे दार आपल्याकडे उघडतही नव्हते. सप्टेंबर १९५८ मध्ये पंडित नेहरू पारोला गेले, तेव्हा भारतातून गाडीरस्ताच नसल्यामुळे त्यांना नथू ला ओलांडून तिबेटच्या चुंबी खोऱ्यातून, कधी घोड्यावर तर कधी याकवर बसून जावे लागले. भारताच्या पंतप्रधानाला भूतानला पोहोचण्यासाठी चीनच्या ताब्यातील मुलखातून वाट काढावी लागली, हे आज वाचताना चमत्कारिक वाटते. पुढच्याच वर्षी तिबेटात उठाव झाला, दलाई लामा भारतात आले आणि भूतानने शतकानुशतके चालत आलेला उत्तरेकडचा व्यापार बंद केला. कैलासाच्या पायथ्याशी दारचेनसारख्या ज्या काही वस्त्या भूतानच्या मालकीच्या होत्या, त्याही हातच्या गेल्या. १९६१ मध्ये सीमा सडक संघटनेचा ‘दंतक’ प्रकल्प सुरू झाला. भारताच्या सीमेवरचे फुन्त्शोलिंग ते थिंफू हे सुमारे पावणेदोनशे किलोमीटरचे अंतर, जे खेचरांवर पाच-सहा दिवस घेई, ते एका दिवसाचे झाले. त्याच वर्षी सुरू झालेल्या पहिल्या पंचवार्षिक योजनेचा खर्चही भारतानेच उचलला होता. देशाचे तोंड उत्तरेकडून दक्षिणेकडे वळले, ते असे.

यानंतरची भूतानी मुत्सद्देगिरी मला फार विलक्षण वाटते, कारण तिच्यात कुठेही आदळआपट नाही. आधी आशियाई देशांच्या विकास-सहकार्याची कोलंबो योजना, मग आंतरराष्ट्रीय टपाल संघटना, आणि २१ सप्टेंबर १९७१ रोजी भारताच्याच पाठिंब्याने संयुक्त राष्ट्रांचे सदस्यत्व. १९७४ मध्ये ङुल्ट्रम हे स्वतःचे चलन आले, पण ते रुपयाला एकास एक बांधलेले. १९७५ मध्ये शेजारचे सिक्कीम भारतात विलीन झाले, तेव्हा थिंफूत काय वाटले असेल याची कल्पना करता येते. तरीही उघड तक्रार झाली नाही. अलिप्त राष्ट्रांच्या १९७९ च्या हवाना परिषदेत कंबोडियाच्या प्रश्नावर भूतानने भारताहून वेगळी भूमिका घेतली, आणि परतीच्या वाटेवर राजांनी आपल्या मुंबईतच पत्रकारांना सांगितले की १९४९ च्या तहाचे नूतनीकरण व्हायला हवे. ते व्हायला २००७ उजाडले. ८ फेब्रुवारी २००७ च्या नव्या तहात ‘सल्ल्याने चालणे’ गेले आणि दोन्ही देशांनी राष्ट्रहिताच्या बाबींत निकट सहकार्य करावे, तसेच आपली भूमी दुसऱ्याच्या सुरक्षेला बाधक कामांसाठी वापरू देऊ नये, अशी दोघांनाही सारखीच लागू होणारी भाषा आली. माझ्या समजुतीप्रमाणे २००३ ची कारवाई झाली नसती, तर २००७ चा हा तह इतक्या सहजपणे झाला नसता.

आता माझा मुद्दा. तहाच्या कागदावर भूतान जसजसा मोकळा होत गेला, तसतसा तो वीज, रुपया आणि रस्ता या तीन दोरांनी आपल्याशी अधिक घट्ट बांधला गेला. हे दोर एरवी दिसत नाहीत. ते दिसले २०१३ च्या जुलैमध्ये. त्या वर्षी निवडणुकीची अंतिम फेरी १३ जुलैला होती आणि १ जुलैपासून भारताने स्वयंपाकाच्या गॅसवरचे व रॉकेलवरचे अनुदान थांबवले. एका रात्रीत सिलिंडरची किंमत दुपटीच्या घरात गेली. पंचवार्षिक योजनेचा काळ संपल्यामुळे झालेली ही तांत्रिक बाब आहे, असे स्पष्टीकरण दिले गेले. आदल्या वर्षी तत्कालीन पंतप्रधान जिग्मी थिनले यांनी रिओमध्ये चीनच्या पंतप्रधानांची भेट घेतली होती, हे मात्र थिंफूतला प्रत्येक मतदार जाणून होता. थिनले यांच्या पक्षाला ४७ पैकी १५ जागा मिळाल्या, शेरिंग तोबगे पंतप्रधान झाले आणि अनुदान लवकरच पूर्ववत झाले. आपल्या वृत्तपत्रांत ही बातमी आतल्या पानावर आली असेल. तिथे ती प्रत्येकाच्या चुलीपाशी पोहोचली होती.

गेल्या पाच-सहा वर्षांत भूतान या अदृश्य दोरांची लांबी स्वतः ठरवू पाहत आहे, असे मला दिसते. आपणांस काय वाटते? विशेषतः विजेच्या व्यवहाराविषयी कुणी जाणकार लिहील तर बरे होईल.

वीजवाहिनी

घाटमाथा यांनी हाक मारलीच आहे, तर लिहितो. माझी सारी नोकरी वीज पारेषणात गेली. भूतानच्या प्रकल्पांशी थेट संबंध आला नाही, परंतु या क्षेत्रातला माणूस त्यांच्याकडे लक्ष ठेवून असतोच.

सुरुवात चुखापासून झाली. १९७४ मध्ये करार झाला आणि ३३६ मेगावॉटचा हा प्रकल्प १९८० च्या दशकाच्या उत्तरार्धात पूर्ण झाला. साठ टक्के रक्कम अनुदान, चाळीस टक्के कर्ज, आणि भूतानची गरज भागून उरणारी सगळी वीज भारत विकत घेणार, असे त्याचे सूत्र होते. याच सूत्राने २००६-०७ मध्ये १०२० मेगावॉटचा ताला प्रकल्प उभा राहिला. भूतानला हमखास ग्राहक मिळाला, आपल्याला स्वस्त वीज मिळाली, आणि त्या उत्पन्नातून तिकडे शाळा व दवाखाने चालले. इतका सरळ व्यवहार दोन देशांमध्ये क्वचितच पाहायला मिळतो.

पुढे हे सूत्र उलटे झाले, याकडे फारसे कुणाचे लक्ष गेलेले दिसत नाही. मांगदेछू (७२० मेगावॉट, २०१९) आणि पुनात्सांगछू-२ या प्रकल्पांत अनुदान तीस टक्के आणि कर्ज सत्तर टक्के. मांगदेछूचा दर युनिटला ४.१२ रुपये ठरला, जो चुखाच्या दराहून बराच अधिक आहे. पण कर्जाचा हप्ताही त्याच मानाने मोठा. पुनात्सांगछू-१ ची कहाणी तर आमच्या व्यवसायात धडा म्हणून सांगण्यासारखी आहे. १२०० मेगावॉटचा हा प्रकल्प. धरणाच्या जागी उजव्या तीरावरचा डोंगरउतार २०१३ मध्ये सरकू लागला. तो स्थिर करण्याचे उपाय एकामागून एक होत राहिले आणि मूळचा सुमारे ३५०० कोटींचा अंदाज ९३०० कोटींच्या पुढे गेला. भूस्तराची परीक्षा पुरेशी न करता बांधकामाची घाई झाली, असे माझे स्पष्ट मत आहे. डोंगर काही तह वाचून जागेवर थांबत नाही. कर्ज भूतानच्या नावावर, तर आराखडा आणि देखरेख मुख्यतः आपल्या यंत्रणांची. तेव्हा या विलंबाबद्दल तिथे नाराजी असली तर नवल नाही.

आणखी एक गोष्ट. हे बहुतेक प्रकल्प वाहत्या पाण्यावरचे आहेत, मागे कोयनेसारखा मोठा जलाशय नाही. पावसाळ्यात नद्या दुथडी भरून वाहतात तेव्हा वीज उतू जाते, आणि हिवाळ्यात पाणी रोडावले की त्याच भूतानला भारताकडून वीज विकत घ्यावी लागते. अलीकडे ही हिवाळी खरेदी बरीच वाढली आहे. वीज निर्यात करणारा देश म्हणून आपण ज्याला ओळखतो, तो थंडीच्या महिन्यांत आपलाच ग्राहक असतो.

तिसरा कोपरा

दोघांचेही लेखन माहितीपूर्ण आहे, परंतु सूर भूतानकडे जरा अधिकच झुकलेला वाटतो. भारत, भूतान आणि चीन यांच्या सीमा जिथे मिळतात त्या डोकलामचा उल्लेखही न करता या विषयावर एवढे लिहिणे मला तरी अपुरे वाटले. जून २०१७ मध्ये चिनी सैनिकांनी तिथे रस्ता बांधायला घेतला तेव्हा त्यांना अडवण्यासाठी कोण उभे राहिले? भारतीय जवान. ७३ दिवस. जमीन भूतानची होती. त्यानंतर ऑक्टोबर २०२१ मध्ये भूतानने चीनशी सीमाप्रश्नावर तीन टप्प्यांचा समझोता केला; मार्च २०२३ मध्ये तत्कालीन पंतप्रधान लोटे शेरिंग यांनी एका बेल्जियन वृत्तपत्राला मुलाखत देताना डोकलामच्या प्रश्नात तिन्ही देश समान भागीदार असल्याचे सांगितले; आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये त्यांचे परराष्ट्रमंत्री बीजिंगला जाऊन चर्चेला बसले. याला ‘दोरांची लांबी ठरवणे’ म्हणायचे की दोन डगरींवर पाय ठेवणे?

घाटमाथा (धागाकर्ता)

तिसरा कोपरा, डोकलाम मुद्दामच मागे ठेवले होते, कारण ते आले की चर्चा भूतानची न राहता भारत-चीनची होते आणि ज्याची जमीन आहे तो तिसराच कोपऱ्यात उभा राहतो. (आपल्या नावावर कोटी करण्याचा हेतू नाही.)

भूतान आणि चीन यांच्या सीमाचर्चा २०२१ मध्ये सुरू झालेल्या नाहीत. त्या १९८४ पासून चालू आहेत. उत्तरेकडची पासामलुंग व जाकारलुंग खोरी, म्हणजे सुमारे ४९५ चौरस किलोमीटर, आणि पश्चिमेकडचा डोकलामसह सुमारे २६९ चौरस किलोमीटरचा प्रदेश यांवर वाद आहे. उत्तरेकडचा दावा आम्ही सोडतो, तुम्ही पश्चिमेकडचा सोडा, असा प्रस्ताव चीनने १९९० च्या दशकातच मांडला होता. निव्वळ क्षेत्रफळ पाहिले तर भूतानसाठी तो फायद्याचा सौदा होता. तरीही तो स्वीकारला गेला नाही. डोकलामच्या दक्षिणेकडच्या कड्यावरून सिलिगुडीची चिंचोळी पट्टी नजरेच्या टप्प्यात येते आणि तिथे चीन आल्यास आपल्या ईशान्येचा गळा आवळला जाईल, ही आपली धास्ती थिंफू ओळखून आहे. शेजाऱ्याच्या धास्तीपायी स्वतःचा सीमावाद चाळीस वर्षे भिजत ठेवणाऱ्या देशाला दोन डगरींवर पाय ठेवणारा म्हणणे मला अन्यायाचे वाटते.

२०१७ मध्येही भूतानचे वर्तन पाहण्यासारखे होते. २९ जूनच्या निवेदनात त्यांनी चीनला १९८८ आणि १९९८ च्या लेखी करारांची आठवण करून दिली आणि नंतर जवळजवळ मौन पाळले. आपल्या वाहिन्यांवर रोज रात्री युद्ध होत असताना ज्यांच्या अंगणात हे चालले होते ते गप्प होते, आणि ते गप्प राहिल्यामुळेच दोन्ही बाजूंना २८ ऑगस्टला मागे सरकणे सोपे गेले असावे, असा माझा कयास आहे. पुढील काळात डोकलामच्या आसपास आणि उत्तरेत चीनने वस्त्या वसवल्याचे उपग्रहचित्रांत दिसले आहे. वाट पाहण्याची किंमत भूतान जमिनीत मोजत आहे. मग त्याला चर्चेची घाई झाली तर दोष कुणाचा?

शेवगा

मी पुण्याची असल्यामुळे मला या विषयाचे एक वेगळेच टोक आठवते, ते म्हणजे लस. पुण्यात तयार झालेल्या कोविशील्डच्या दीड लाख मात्रा २० जानेवारी २०२१ रोजी मुंबईहून विमानाने भूतानला गेल्या. मालदीवबरोबर भूतान हा भारताची लस मिळालेला पहिला देश होता. त्यांनी मात्र ती लगेच टोचली नाही. सर्व प्रौढांना पुरेल इतका साठा येईपर्यंत आणि पंचांगातला प्रतिकूल काळ सरेपर्यंत ते थांबले. मार्चमध्ये आणखी चार लाख मात्रा पोहोचल्यावर २७ तारखेला वानर-वर्षात जन्मलेल्या स्त्रीने वानर-वर्षातच जन्मलेल्या स्त्रीला पहिली सुई टोचली, आणि दोन आठवड्यांच्या आत नव्वद टक्क्यांहून अधिक प्रौढांना पहिली मात्रा मिळाली होती. मुहूर्त पाहूनही इतके शिस्तीचे काम करता येते, हे पाहून मला आमच्या आजीची आठवण झाली.

त्यानंतर आपल्याकडे दुसरी लाट आली आणि निर्यात थांबली. आम्ही इथे प्राणवायूच्या टाक्यांसाठी फिरत होतो, त्यामुळे तो निर्णय चुकला असे मी म्हणणार नाही. पण भूतानची दुसरी मात्रा अडकली ती अडकलीच. मग जुलैमध्ये अमेरिकेने मॉडर्नाच्या पाच लाख मात्रा दिल्या, डेन्मार्कने अडीच लाख मात्रा पाठवल्या, आणि चीनकडूनही पन्नास हजार आल्या. अमेरिकेशी आणि चीनशी भूतानचे औपचारिक राजनैतिक संबंधच नाहीत. सुरक्षा परिषदेच्या पाचही कायम सदस्यांशी नाहीत. तरीही काही आठवड्यांत जगभरातून लस गोळा झाली. एकाच दारावर अवलंबून राहू नये, हे त्या उन्हाळ्यात तिथल्या सामान्य माणसालाही कळून चुकले असेल, असे मला वाटते.

आडवाट

चर्चा उत्तम चालली आहे, पण एक व्यावहारिक गाऱ्हाणे मांडतो. पूर्वी आपल्याला भूतानला जायला व्हिसा नको आणि शुल्कही नको, अशी स्थिती होती. आता माणशी रोजचे १२०० रुपये. आम्ही घरचे चौघे सहा रात्री राहिलो, मुले लहान असल्यामुळे त्यांना सवलत होती, तरी वीस हजारांच्या वर रक्कम नुसती त्या शुल्कात गेली. इतकी मदत घेऊन आपल्याच पर्यटकांकडून पैसे घेणे जरा खटकते.

शिवाय एका ओळखीच्या सहल-आयोजकाने आम्हाला हे शुल्क आधी सांगितलेच नव्हते; फुन्त्शोलिंगच्या कचेरीत रांगेत उभे असताना ते कळले. सीमेअलीकडे भारतातल्या जयगावच्या बाजूला रिक्षांचे भोंगे, फेरीवाले, पानाच्या पिचकाऱ्या. कमानीपलीकडे गेलो तर गाड्या पादचाऱ्यासाठी थांबताहेत. एवढ्या एका भिंतीने काय फरक पडतो, हे मुलांना दाखवता आले, एवढेच समाधान.

घाटमाथा (धागाकर्ता)

आडवाट, तुमच्या आयोजकाने केले ते चूकच. पण शुल्काची दुसरी बाजू अशी की २०१९ मध्ये भूतानला सुमारे ३ लाख १५ हजार पर्यटक गेले आणि त्यांतले जवळपास २ लाख ४३ हजार आपल्या उपखंडातले, बहुतांशी भारतीय, होते. म्हणजे एका वर्षात देशाच्या लोकसंख्येच्या तिसऱ्या हिश्श्याएवढी माणसे. पश्चिमेकडच्या पर्यटकाकडून रोजचे शेकडो डॉलर घ्यायचे आणि भारतीयांकडून काहीच नाही, या भेदामुळे त्यांचे ‘थोडे पण मोलाचे पर्यटन’ हे धोरण कोलमडत होते. २०२० मध्ये त्यांनी कायदा केला, २०२२ च्या सप्टेंबरमध्ये सीमा उघडली तेव्हा शुल्क प्रत्यक्ष घेणे सुरू झाले. भारतीयांना आजही इतरांच्या मानाने फार कमी भरावे लागते. मला यात विशेष वाटते ते हे, की पन्नास वर्षांपूर्वी असा निर्णय भारतीयांच्या बाबतीत घेण्याचे धैर्य थिंफूला झाले नसते, आणि आता तो घेतल्यावर दिल्लीनेही त्याचा बाऊ केला नाही.

बंदरावरची

या धाग्यावर भूतानची बाजू इतक्या आस्थेने मांडली जात आहे, म्हणून एक अप्रिय आठवण करून देणे भाग आहे. दक्षिण भूतानातल्या नेपाळीभाषक ल्होत्शाम्पा लोकांचे काय? १९८५ चा नागरिकत्वाचा कायदा, १९८८ ची जनगणना, पोशाखाची सक्ती, आणि १९९० नंतर एक लाखाहून अधिक माणसांचे देशाबाहेर जाणे. ही माणसे नेपाळमध्ये झापा आणि मोरंगच्या छावण्यांत वीस-वीस वर्षे राहिली. भूतान आणि नेपाळची सीमा कुठेही एकमेकांना लागत नाही. ती माणसे आपल्याच भूमीवरून गेली. आणि भारताने काय भूमिका घेतली? हा त्या दोन देशांमधला प्रश्न आहे, अशी. परत भूतानकडे निघालेल्या निर्वासितांना भारत-नेपाळ सीमेवरच्या मेची नदीच्या पुलावर अडवले ते मात्र भारतीय पोलिसांनी. अखेर २००७-०८ पासून त्यांचे पुनर्वसन झाले ते अमेरिकेत आणि इतर पाश्चात्त्य देशांत.

मोठा शेजारी लहान शेजाऱ्याला दडपतो, हे आपण गॅसच्या उदाहरणात पाहिले. तोच मोठा शेजारी लहानाच्या चुकीकडे डोळेझाक करतो, हेही याच नात्याचा भाग आहे. २००३ च्या स्तूपांइतकेच हे मौनही हिशेबात धरावे.

वीजवाहिनी

बंदरावरची यांचा आक्षेप रास्त आहे, आणि त्यावर माझ्याकडे उत्तर नाही.

विजेविषयी एक भर घालायची राहिली होती. आता भूतानने सरकार-सरकार या चौकटीबाहेर पाऊल टाकले आहे. खोलोंगछूच्या ६०० मेगावॉट प्रकल्पात तिथल्या सरकारी वीज कंपनीने टाटा पॉवरला चाळीस टक्के भागीदार करून घेतले; वांगछूच्या ५७० मेगावॉटसाठी अदानींशी करार केला. मालकीचा मोठा हिस्सा स्वतःकडे ठेवायचा आणि भारतीय भांडवल मात्र आणायचे, अशी ही मांडणी आहे. दिल्लीच्या अनुदानापेक्षा मुंबईच्या भागधारकाशी बोलणे त्यांना सोयीचे वाटू लागले आहे, असे म्हणता येईल. पावसाळ्यातल्या फुकट जाणाऱ्या विजेवर त्यांनी बिटकॉइनची निर्मितीही सुरू केली. ग्राहक एकच असेल तर वीज दुसऱ्या रूपात विकावी, ही त्यामागची युक्ती मला मनापासून आवडली. पुनात्सांगछू-२ नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिकृतपणे सुरू झाला आणि रखडलेल्या पुनात्सांगछू-१ च्या धरणाचे कामही पुन्हा हाती घेण्याचे ठरले. त्या डोंगराने या वेळी साथ द्यावी, एवढीच प्रार्थना.

चष्मिष्ट

वीजवाहिनी काकांनी पैशांबद्दल लिहिले, मी माणसांबद्दल लिहितो. माझ्या पर्थमधल्या कार्यालयात दोन भूतानी सहकारी आहेत. एक थिंफूत शिक्षिका होती, दुसरा सरकारी खात्यात अभियंता होता. त्यांच्या आधीची पिढी शिकायला दार्जिलिंगला, दिल्लीला जायची; कांगलुंगचे शेरुब्त्से महाविद्यालयसुद्धा बरीच वर्षे दिल्ली विद्यापीठाशी संलग्न होते. भूतानी लष्करी अधिकारी खडकवासल्याच्या प्रबोधिनीत घडले. त्या पिढीला हिंदी अस्खलित येत होते आणि भारतात त्यांचे वर्गमित्र होते. माझ्या सहकाऱ्यांना हिंदी येते ते चित्रपटांमुळे, पण भारतात त्यांचे ओळखीचे कुणी नाही. अशा हजारो तरुणांनी ऑस्ट्रेलियाची वाट धरल्यामुळे तिथल्या शाळांत आणि कचेऱ्यांत माणसांची वानवा झाली आहे.

राजांनी १७ डिसेंबर २०२३ रोजी गेलेफूच्या ‘माइंडफुलनेस सिटी’ची घोषणा केली, तिच्यामागे हीच चिंता आहे. हजार चौरस किलोमीटरांहून मोठे, वेगळ्या कायद्यांचे हे शहर आसामच्या सीमेला खेटून वसवायचे आहे. घाटमाथा, तुम्ही म्हणता तसे दोर कमी करायचे असते, तर शहर सीमेवर कशाला वसवले असते? गेलेफूला कोक्राझारपासून ६९ किलोमीटरचा रेल्वेमार्ग येणार आहे आणि सामत्सेला बनरहाटपासून २० किलोमीटरचा. दोन्ही मिळून चार हजार कोटींच्या वर खर्च, आणि तो भारत करणार. मला तर दोर वाढताना दिसतात.

घाटमाथा (धागाकर्ता)

चष्मिष्ट, तुमच्या प्रश्नाने मला माझे विधान दुरुस्त करावे लागणार आहे. ‘दोरांची लांबी’ हा शब्द चुकला. भूतानला भारतापासून दूर जायचे आहे, असे कुठेच दिसत नाही. १९६१ चा रस्ता भारताला हवा होता, कारण चीन तिबेटात आला होता. तो कुठून कुठे जावा आणि किती रुंद असावा, यात भूतानचे म्हणणे फारसे नव्हते. गेलेफूची जागा मात्र थिंफूने निवडली, आराखडा त्यांनी काढून घेतला, आणि रेल्वे त्या जागेकडे येत आहे. आसामच्या ज्या सीमेवर २००३ मध्ये सैन्य उतरवावे लागले होते, तिथेच हे शहर उभे राहत आहे.

बंदरावरची यांनी दाखवलेली उणीव मात्र माझ्या मूळ लेखात आहे आणि ती मी मान्य करतो. गेलेफूचा तो सारा पट्टा ल्होत्शाम्पांच्या वस्तीचा होता. नव्या शहरात जगभरच्या लोकांना बोलावले जाईल, तेव्हा झापाच्या छावण्यांतून ओहायो आणि पेनसिल्व्हेनियाला पोहोचलेल्या त्या घरांना तिथे यायचे असेल तर काय, हा प्रश्न कुणीतरी थिंफूला विचारायला हवा. दिल्ली तो विचारणार नाही.

आडवाट

एक छोटीशी नोंद. परतताना माझ्या पाकिटात शंभर ङुल्ट्रमच्या तीन नोटा उरल्या. थिंफूत आमचे रुपये सगळीकडे चालले होते, अगदी भाजीबाजारातही. जयगावच्या दुकानदाराने या नोटांतली एक बिनतक्रार घेतली. सिलिगुडीच्या चहावाल्याने दुसरी उलटसुलट करून पाहिली, राजांच्या चित्राकडे बोट दाखवून ‘हे कोण?’ असे विचारले आणि परत दिली. उरलेल्या दोन्ही अजून टेबलाच्या खणात आहेत.